संगीत आठ ताटं

उसाच्या गाडीचं इंजिन चालवताना नोला काम्पिसी कधी गायची नाही, गुणगुणायचीही नाही. ती फक्त ऐकायची. रिकामे डबे ओढत इंजिन फडाकडे निघालं की चाकं हलक्या ठेक्यात बडबडायची. परतताना तेच डबे उसानं भरलेले असले की ठेका जड व्हायचा, रेंगाळायचा. ऑस्ट्रेलियातल्या हॅरोज क्रीकच्या साखर कारखान्यात ती कितीतरी हंगाम हेच काम करत होती. डोक्यात किती चाली साठल्यात, याचा हिशेब तिनं कधी केला नव्हता.

गाव तिला ओळखायचं ते मात्र पियानोवाली म्हणून. हॅरोज क्रीक नाट्यमंडळ दरसाल नगरपालिकेच्या हॉलमध्ये एक संगीत नाटक लावायचं. नाटक परदेशातून यायचं. संहिता, स्वरलिपी, सगळं एका खोक्यात बंद, आणि सोबत ताकीद की यातला एकही शब्द बदलायचा नाही. बदलायचंय कुणाला! गावाला मजाच त्यात होती. दिवसभर मळीच्या वासात वावरणारी माणसं संध्याकाळी हॉलमध्ये येऊन लंडनचे उमराव व्हायची, न्यूयॉर्कचे गुंड व्हायची. कारखान्यातला फिटर डॅरल पिम तर इतक्यांदा अमेरिकन दरोडेखोर झाला होता, की त्याच्या बायकोनं त्या पट्ट्यापट्ट्यांच्या सुटाला घरात वेगळं कपाट दिलं होतं. आणि या सगळ्यांच्या डाव्या हाताला, स्टेजच्या खाली, पियानोवर नोला. तिचं तोंड प्रेक्षकांना कधी दिसायचं नाही. तिची त्याबद्दल तक्रारही नव्हती.

तिचे वडील वारले तेव्हा ही गोष्ट सुरू झाली.

अंत्यविधीनंतर सगळे चर्चच्या मागच्या खोलीत चहाला जमले होते. नोलाची आई नुन्झियाता खुर्चीत ताठ बसली होती. कुणीतरी सहज विचारलं, की रोझारियोला तुम्ही पहिल्यांदा कुठे पाहिलंत. म्हातारी म्हणाली, "फोटोत. आणि फोटोत केस होते."

मग तिनं सगळं सांगितलं. लग्न सिसिलीत लागलं होतं, पण नवरा इथे क्वीन्सलँडमध्ये ऊस तोडत होता. तिकडे त्याच्या जागी त्याचा भाऊ उभा राहिला. हातात नवऱ्याचा फोटो घेऊन ती जहाजात बसली. फोटोत दाट कुरळ्या केसांचा तरणा गडी होता. हॅरोज क्रीकच्या स्टेशनवर उतरली तर समोर टोपी घातलेला एक माणूस. त्यानं आधी टोपी काढली. आत काहीच नव्हतं.

"मग मम्मा, तू काय केलंस?" नोलानं विचारलं. इतक्या वर्षांत तिनंही हे ऐकलं नव्हतं.

"काय करणार? परतीच्या जहाजाला पैसे नव्हते. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी टोळीतल्या आठ जणांचा नाश्ता करायचा होता."

त्या वर्षी गाळप संपल्यावर नोलानं लिहायला घेतलं. ती मुकादमाची मुलगी होती. टोळीला रांधून घालणाऱ्या आईच्या चुलीशेजारी रांगत मोठी झालेली. तोडणीआधी पेटवलेल्या फडातून काळीठिक्कर होऊन परतणारी माणसं तिला आठवत होती. त्यांच्यावर गाणी होती, पण त्यांना जेवू घालणाऱ्या बायका कुणाच्याच गाण्यात नव्हत्या. नाटकाला तिनं नाव दिलं 'आठ ताटं'. पहिलंच मोठं गाणं स्टेशनवरचं, टोपी काढणाऱ्या माणसाचं.

मंडळाच्या बैठकीत तिनं वह्यांचा गठ्ठा टेबलावर ठेवला तेव्हा अध्यक्ष मर्ल टेट चष्म्यावरून बघत राहिल्या. टेटबाई गावच्या शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका. मंडळातले अर्धेअधिक लोक त्यांच्या हातचा मार खाऊन मोठे झालेले.

"नोला, तू वाजवतेस फार छान," त्या म्हणाल्या.

"हो. आणि आता लिहिलंयही."

"तसं नाही गं. गावातल्या माणसांनी गावातलीच माणसं बघायला तिकीट का काढावं? ती किराण्याच्या दुकानात फुकट दिसतात."

सगळे हसले. नोलाही हसली. पण गठ्ठा तिनं उचलला नाही. बैठक संपत आली, कपबशा गोळा झाल्या, दिवे मालवायची वेळ आली, तरी गठ्ठा टेबलावर आणि नोला खुर्चीवर. शेवटी टेटबाईंनीच तोडगा काढला. गाळप सुरू व्हायच्या आधी पहिला अंक मंडळापुढे गाऊन दाखवायचा. पसंत पडला तर करायचा. नाही तर नेहमीसारखा खोका मागवायचा.

मुकादम रोझारियोच्या कामाला डॅरल पिमशिवाय दुसरा कोण! गावात त्याच्याएवढा आवाज कुणाला नव्हता, आणि त्याचं डोकंही आयतंच गुळगुळीत होतं. अर्थात ते पाहिलं होतं फार थोड्यांनी. कारखान्यात हेल्मेट, बाहेर कॅप, स्टेजवर टोप. नवरीचं काम औषधांच्या दुकानातल्या टॅमसिनला मिळालं.

पहिला अंक दाखवायच्या दिवशी सगळ्यांनी घरून एकेक ताट भरून आणलं होतं. भोपळ्याचे स्कोन, नारळाच्या किसात घोळवलेले चॉकलेट केक, नुन्झियाताचे तळलेले भाताचे गोळे. म्हातारी पर्स मांडीवर घेऊन पहिल्या रांगेत बसली. डॅरल पुढे आला आणि असा काही गायला, की खिडक्यांच्या काचा थरथरल्या. नोलाला वाटलं, जिंकलं.

गाणं संपलं. टाळ्या पडल्या. टाळ्या ओसरल्यावर नुन्झियातानं लेकीकडे मान वळवली आणि तिच्या नेहमीच्या आवाजात, म्हणजे शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "छान गातो. कोण माणूस आहे हा?"

"मम्मा, ते बाबा आहेत!"

"तुझे बाबा?" म्हातारी चकित झाली. "मला तर वाटलं, गाडीतून कुणी अमेरिकन उतरला!"

हॉलमध्ये असा हशा पिकला की चहाचा डबा धरलेल्या बाईनं तो खाली ठेवला. टेटबाई डोळे पुसत होत्या. डॅरल लालबुंद झाला आणि त्यानं कॅप घातली.

"नोला, बाळ, तू खूप कष्ट घेतलेस," टेटबाई हसू आवरत म्हणाल्या. "पण आपण यंदा..."

"तीन आठवडे द्या मला."

"काय करणार तीन आठवड्यांत? चाली बदलणार?"

"चालींना काही झालेलं नाही. तोंडं बदलायचीत."

तीन आठवडे मिळाले, ते बहुधा सगळे हसून हसून थकले होते म्हणून.

दुसऱ्या दिवशी रूळ तपासायला नोला इंजिन घेऊन निघाली. वाटेत थांबून तिनं फोनवरचं कालच्या गाण्याचं रेकॉर्डिंग लावलं. डॅरल बोलायचा तो थेट उत्तर क्वीन्सलँडचा; शब्द दातांआड धरून, नाकातून, आळसावत. पण पियानोचा पहिला सूर लागला की तोंड आपोआप पसरायचं, जीभ मागे वळायची आणि आतून कुणी तिसराच माणूस बाहेर यायचा. टॅमसिनचंही तेच. कोरसचंही तेच. अख्खं गाव गायला लागलं की समुद्र ओलांडून पलीकडे जायचं. नोलानं हे वर्षानुवर्षं ऐकलं होतं आणि कधीच ऐकलं नव्हतं.

आणि शिकवलं होतं कुणी? तालमीत पियानो थांबवून, "डॅरल, तोंड उघड, तिकडे असं म्हणत नाहीत," असं म्हणणारी तीच होती. पिढीच्या पिढी तिनं घासूनपुसून घडवली होती. आता तेच उलटं करायचं होतं. मशीन उघडलं की त्याच क्रमानं मागे जात बंद करायचं असतं. गळ्याचं तसं नसतं, हे तिला पहिल्याच तालमीत कळलं.

त्या दिवशी तिनं पियानोचं झाकण बंद ठेवलं आणि वर कोपर टेकलं. "डॅरल, गाऊ नकोस. नुसतं बोल."

डॅरलनं कागद धरला, घसा खाकरला आणि हात हवेत फिरवत, बोटं जुळवून, असा काही इटालियन झाला की टॅमसिन खुर्चीवरून घसरली.

"हे काय?"

"तुझे बाबा इटालियन होते ना?"

"माझे बाबा चाळीस वर्षं तुझ्या आजोबांबरोबर ऊस तोडत होते. शिव्या ते तुझ्या आजोबांसारख्याच द्यायचे. तू तुझ्यासारखं बोल."

तो बोलला. जमलं. मग नोलानं झाकण उघडून नुसता एक सूर दिला, आणि डॅरल पुन्हा अमेरिकेत.

असं चार दिवस चाललं. पाचव्या दिवशी त्यानं कागद खाली टाकला. "नाही होणार माझ्याच्यानं. दुसरा बघ."

"का पण? आवाज तोच आहे."

"तोच आहे म्हणूनच." तो स्टेजच्या कडेला पाय सोडून बसला. "नोला, मी दिवसभर डॅरलच असतो गं. पंप बिघडला, बोलवा डॅरलला. पट्टा तुटला, बोलवा डॅरलला. इथे येतो ते दोन तास डॅरल नसायला मिळतं म्हणून. आणि तू म्हणतेस, सगळ्या गावापुढे टोपी काढ आणि डॅरलच्याच आवाजात गा."

नोला स्वतः तरी वेगळं काय करत होती? इतकी वर्षं तीही पियानोआड बसूनच होती. ती उठली, त्याच्यासाठी चहा आणला आणि शेजारी बसली.

"ट्रेसीनं तुझं डोकं पहिल्यांदा कधी पाहिलं?" तिनं विचारलं. ट्रेसी म्हणजे डॅरलची बायको.

"ते कशाला आता?"

"सांग ना. टॅमसिनला माहीत नाही."

डॅरल आधी कुरकुरला. मग सांगायला लागला. लग्नाआधी वर्षभर त्यानं कॅप काढली नव्हती; सिनेमातसुद्धा नाही, मागचे लोक ओरडले तरी नाही. एकदा दोघं नदीवर मासे धरायला गेले, वारा आला आणि कॅप पाण्यात गेली. "आणि ही बया कॅपकडे बघतेय! म्हणाली, अरे गळ टाक, गळ टाक, जाईल वाहून! मी म्हटलं, ट्रेस, जरा माझ्याकडे बघ. तर म्हणते, तुझं काय बघायचंय, ते मला पहिल्या आठवड्यात न्हाव्यानंच सांगितलंय!"

टॅमसिन हसून हसून लोळली. कोपऱ्यात पडदा शिवणारे दोघंही काम सोडून ऐकत होते. डॅरल रंगात आला होता; हात गुडघ्यावर, शब्द नाकातून.

"हे," नोला हळूच म्हणाली. "हा माणूस हवाय मला स्टेशनवर. याच आवाजात."

डॅरल तिच्याकडे बघत राहिला. "फसवलंस."

"हो."

"लबाड आहेस तू."

"आहेच. ऊठ, पहिल्या ओळीपासून."

तीन आठवड्यांनी मंडळ पुन्हा जमलं. या वेळी काचा थरथरल्या नाहीत. डॅरलचा आवाज आधीपेक्षा लहान निघाला. एके ठिकाणी फाटलासुद्धा. गाणं संपलं.

टेटबाईंनी चष्मा काढला. "मला आवडलं नाही," त्या म्हणाल्या. "शेजारच्या घरातलं भांडण खिडकीतून ऐकल्यासारखं झालं. कुठे बघावं ते कळेना. शाळेत मी जन्मभर पोरांना सांगत आले की नीट बोला, आणि आज हे... माझं मत विरोधात." मग त्यांनी सभोवार नजर फिरवली. बाकी सगळे हात वर होते. "आणि ते एकटीचंच दिसतंय. तेव्हा नाटक होणार. तिकिटांच्या टेबलावर मी बसेन, तिथे गोंधळ नको."

मग गाळप सुरू झालं आणि तालमींचे हाल सुरू झाले. कारखाना एकदा पेटला की रात्रंदिवस थांबत नाही. आज मुकादम दुपारपाळीला, उद्या नवरी आहे तर टोळी गायब. जो आला नसेल त्याच्या जागी झाडू उभा करायचा आणि त्याला त्याची टोपी घालायची, असा नियम निघाला. एका संध्याकाळी टॅमसिननं सलग आठ झाडूंना जेवायला वाढलं. नोला सकाळी इंजिनवर, संध्याकाळी पियानोवर. मधल्या वेळात डोळे मिटायची तेव्हाही बोटं मांडीवर चालूच. तिची बहीण म्हणाली, "अगं, मरशील." नोला म्हणाली, "हंगाम संपल्यावर."

नुन्झियातानं जुन्या ट्रंकेतून निळ्या काठाची एनॅमलची ताटं काढून दिली. एकाचा टवका उडाला होता. नेपथ्यवाल्यानं ते रंगवायला घेतलं तर तिनं त्याच्या हातातला ब्रश काढून घेतला.

पहिला प्रयोग शनिवारी दुपारी ठेवला, कारण संध्याकाळी निम्म्या नटांची पाळी होती. टेटबाईंनी दारात उभं राहून प्रत्येकाला जागेवर बसवलं. हॉल भरला, मग मागे उभं राहायची जागाही भरली. लोक कुतूहलानं आले होते, आणि खरं सांगायचं तर थोडे खोडी काढायलाही आले होते.

पडदा उघडला. स्टेशन. फोटो हातात धरलेली टॅमसिन. समोरून टोपी घातलेला डॅरल आला. तो थांबला. त्यानं टोपी काढली.

हॉल हशानं नुसता फुटला. हे रोझारियोचं डोकं नव्हतं, पिमांच्या डॅरलचं होतं, आणि गावातल्या बहुतेकांनी ते आजच पाहिलं होतं. मागून कारखान्यातला कुणीतरी ओरडला, "डॅरल, दिवा बारीक कर, डोळे दिपतात!" पुन्हा हशा. शिट्ट्या.

डॅरल गोठला. नोला खालून बघत होती. गाणं सुरू व्हायच्या आधी चार मात्रांचा एक तुकडा होता. नट तयार होईपर्यंत वादकानं तो फिरवत राहायचं असतं. नोलानं तो वाजवला. डॅरलनं तोंड उघडलं नाही. तिनं पुन्हा वाजवला. आता त्याचे ओठ हळूहळू पसरायला लागले. ते रुंद, चकचकीत, पलीकडच्या किनाऱ्यावरचं हसू. त्या हसण्यात शिरला की तो सुटणार होता. गाणं दणदणीत होईल, टाळ्याही पडतील, आणि स्टेशनवर पुन्हा कुणीतरी परकाच उतरेल.

नेहमी अशा वेळी ती त्याचा पहिला सूर ठणकावून द्यायची. त्याला धरून तो उडी मारायचा. तिनं तो दिला नाही. डावा हात हलका केला आणि तेच चार ठोके फिरवत राहिली. पुन्हा. पुन्हा. हशा विरला. कुणीतरी खोकलं. पहिल्या रांगेत कुजबुज झाली की हा विसरला वाटतं. नोलाच्या पाठीवरून घाम ओघळत होता, पण तिनं ठरवलं होतं: पाळीचा भोंगा होईपर्यंत हेच वाजवीन, पण त्याला पळू देणार नाही.

डॅरलनं खाली तिच्याकडे बघितलं. तिनं मान हलवली नाही. फक्त वाजवत राहिली.

मग टॅमसिननं केलं ते संहितेत कुठेच नव्हतं. तिनं फोटोकडे बघितलं. डोक्याकडे बघितलं. पुन्हा फोटोकडे. आणि औषधांच्या दुकानात बोलायची तशीच, सरळ, विचारलं, "केस कुठायत?"

डॅरलनं टाळूवरून हात फिरवला. त्याचे ओठ मिटले. "मागून येतायत," तो नाकातून म्हणाला. "पुढच्या जहाजानं."

हॉल पुन्हा हसला, पण आता तो त्याच्याबरोबर हसत होता. आणि त्या हशाची कड संपायच्या आत, त्याच आवाजात, बोलता बोलताच, डॅरल गाण्यात शिरला. कुठे बोलणं संपलं आणि कुठे सूर लागला, ते कुणाला कळलं नाही. पहिल्या रांगेतून नुन्झियाताचा आवाज आला, "असं काही म्हणाले नव्हते ते!" तिला कुणीतरी गप्प केलं. डॅरल थांबला नाही. त्याचा आवाज फाटायचा तिथे फाटला, आणि तो तसाच पुढे गेला.

नोलाची बोटं चौथ्या मात्रेवरून अखेर पाचवीवर उतरली. तिच्या मागे दारापाशी तिकिटांच्या पेटीला टेकून टेटबाई ऐकत उभ्या होत्या, पण नोलाला ते दिसत नव्हतं आणि बघायला सवडही नव्हती. तिनं पान उलटलं. अजून दीड अंक बाकी होता, आणि आठही जण जेवायचे होते.